खुर्चीसमोरचा कप

पडद्यावरची भिंत अजून हलली नव्हती.

भिंती हलत नाहीत हे खरं, पण कॅमेरा तरी हलेल, निदान एखादी पाल तरी येईल, अशी आशा माणसाने किती वेळ धरायची? मोठ्या काकांनी खुर्चीत या अंगावरून त्या अंगावर होऊन पाहिलं. आत्याने पर्समधून खोकल्याची गोळी काढली आणि आवाज होऊ नये म्हणून तिचा कागद इतक्या हळू सोलला, की तो चुरचुराट सगळ्या थिएटरला पुरून उरला. कुठेतरी नळ ठिबकत होता. भिंत पिवळट होती, एका कोपऱ्यात ओल होती, आणि त्या ओलीकडे बघत राहण्यात काहीतरी फार खोल आहे असा दिग्दर्शकाचा समज होता.

बारकीने हाताची घडी घातली. आईच्या कादंबरीत ही भिंत आहे, हे ती नाकारत नव्हती. एका वाक्यात आहे. तिच्यावर दुकानातला मोठा आरसा लावायचा की सासऱ्यांचं घड्याळ, यावरून घरातली माणसं पानंच्या पानं भांडतात आणि शेवटी दोन्ही राहून जातं. दिग्दर्शकाने भांडण काढून टाकलं होतं आणि भिंत ठेवली होती.

आई थंडी सरता सरता गेली. सिनेमाला परवानगी तिनेच दिली होती, पण त्यातलं एक दृश्यही तिला पाहायला मिळालं नाही. सुटली, असं बारकीच्या मनात येऊन गेलं, आणि मग त्या शब्दाची तिला लाज वाटत राहिली. भिंत चांगली लांबलचक असल्यामुळे लाजही पुरेशी वाटून झाली.

बारकी आता नावापुरतीच बारकी. चाळिशी केव्हाच मागे पडली. चष्म्याच्या दुकानात गिऱ्हाइकांचे डोळे तीच तपासते आणि बाबा मागच्या खोलीत काचा घासतात. त्यामुळे नायिकेच्या चष्म्यात काचाच नाहीत, हे तिला पहिल्याच दृश्यात दिसलं होतं. नुसती फ्रेम. दिव्याचा ठिपका कुठे उमटतच नव्हता. जिचं सगळं आयुष्य चष्म्याच्या दुकानात गेलं असं दाखवायचंय, त्या बाईला दोन काचा मिळू नयेत? बाकी तिला सगळं मिळालं होतं. लांब मान मिळाली होती, खिडकी मिळाली होती, खिडकीबाहेर बघायला वेळही मिळाला होता. आई ठेंगणी, आडव्या बांध्याची, केसांत पेन खोचून ते घरभर शोधणारी. गिऱ्हाइकाला फ्रेम शोभत नसली तर "घुबड दिसताय, दुसरी बघा," असं तोंडावर सांगणारी. तिच्या कादंबरीत सगळे अखंड बोलतात. एकाचं वाक्य दुसरा पुरं करतो, बहुतेक चुकीचं. इथे पडद्यावर सगळ्यांचे घसे एकदमच बसल्यासारखे झाले होते.

कादंबरीचं नाव 'नंबर वाढला'. सिनेमाचं 'अनासीन'.

घरच्यांपुरत्या ठेवलेल्या या खेळाचे दिवे घालवण्यापूर्वी दिग्दर्शकाने या नावाचा अर्थ हिंदीत, एकेक शब्द तोलून सांगितला होता. अनासीन म्हणजे जो बसलेला नाही.

"म्हणजे उभा आहे?" काकांनी विचारलं.

दिग्दर्शक हसला. अडाण्यांना माफ करताना लोक हसतात तसं. उभाही नाही, तो म्हणाला. जो असायला हवा होता आणि नाही. खुर्ची आहे, माणूस नाही. स्त्रीच्या आयुष्यातली ती जी रिकामी जागा आहे, तिच्याभोवतीच सगळा सिनेमा फिरतो. कादंबरी वाचताना त्याला ती रिकामी जागा पानापानावर जाणवली होती.

"बसलोय की मी," बाबा म्हणाले.

दिग्दर्शकाला मराठी कळत होतं, पण हे कळलं नाही. म्हाताऱ्याला ऐकू कमी येत असावं असं धरून त्याने बाबांच्या खांद्यावर थोपटलं आणि दिवे घालवायला सांगितलं.

ती जागा रिकामी का, हे थिएटरात दिग्दर्शक सोडून सगळ्यांना ठाऊक होतं. त्याच्याशी स्त्रीच्या आयुष्याचा काही संबंध नव्हता.

आई लिहायची ती दुकानाच्या काउंटरवर, एक गिऱ्हाईक जाऊन दुसरं येईपर्यंत. सुट्टीच्या दिवशी दुपारी घरातल्यांना बसवून लिहिलेलं वाचून दाखवायची. कादंबरीला हात घातला तेव्हाच तिने सगळ्यांना सांगून टाकलं होतं, की तुम्ही सगळे यात येणार, त्याला माझा इलाज नाही. पण प्रत्येकाने माझ्याकडे एक गोष्ट मागायची. एकच. जे मागाल ते मी करीन, आणि का, ते मीही विचारणार नाही, दुसऱ्या कुणीही विचारायचं नाही.

मोठे काका तेव्हा नोकरीत होते आणि त्यांच्या साहेबाला वाचनाची वाईट खोड होती. त्यांनी मागितलं, की मला पहिल्याच पानावर मेलेला दाखव. मेलेल्या माणसाला कुणी मेमो देत नाही. आईने त्यांना पहिल्या पानावर मारलं आणि भिंतीवर त्यांचा फोटो लावला. आत्याने गोड गळा मागितला. तिचा खरा आवाज बिजागरीला तेल हवं असतं तेव्हा येतो तसा आहे, पण पुस्तकात ती गायला लागली की रस्त्यावरची माणसं थांबतात. बाबा म्हणाले, मला घेऊच नको. तेव्हा आई क्षणभर त्यांच्याकडे बघत राहिली आणि बरं म्हणाली, आणि अशा रीतीने कादंबरीतली बाई विधवा झाली.

बारकी पंधरा वर्षांची होती. तिने काहीच मागितलं नाही. "आहे तशी लिही," ती म्हणाली होती, आणि त्या वाक्याचा तोरा पुढे कितीतरी वर्षं तिने मिरवला.

आता पडद्यावर ज्याचं त्याला मिळत होतं. काकांच्या फोटोत भरघोस मिशांचा कुणी परका इसम होता. काकांना जन्मात मिशी नव्हती. आत्याचं गाणं सुरू झालं आणि संपेचना. आत्या मात्र हनुवटी उचलून असं ऐकत होती, की जणू मघाशीच रियाज करून आली आहे. आणि पुस्तकातली मुलगी, दर दोन पानांमागे कुणाला ना कुणाला तोंडावर पाडणारी, ती सिनेमात नव्हतीच. नायिका एकाकी पाहिजे, म्हणून मुलगी गाळली होती. तिच्या वाट्याची दोन वाक्यं शेजारणीला दिली होती. शेजारीण ती भिंतीकडे बघत म्हणाली.

बारकीने ते मुकाट्याने बघितलं. आईची माणसं, आईचं दुकान, आईचा चावरेपणा, सगळं पाण्यात घालून रंग जाईपर्यंत उकळलं होतं, आणि उरलेल्या पांढऱ्या चिंधीला हा गृहस्थ कला म्हणत होता.

शेवटाकडे नायिका चहा करते. हे पुस्तकातलंच. नवरा जाऊन वर्षं झाली तरी ती सवयीने दोन कप करते, एक रिकाम्या खुर्चीसमोर ठेवते, आपला पिता पिता त्या खुर्चीला दिवसभराचं सगळं सुनावते. मग तो गार झालेला दुसरा कपही, फुकट कशाला घालवा म्हणून, स्वतःच पिऊन टाकते. पुस्तकात इथे वाचणाऱ्याला हसू येतं आणि हसता हसता कुठेतरी लागतं.

सिनेमात ती खुर्चीला एक अक्षर बोलली नाही. कपावरची वाफ संपेपर्यंत बसून राहिली. मग टेबलावर हात टेकून उठली, दुसरा कप उचलला, मोरीपाशी गेली आणि कप तिरपा केला. चहाची धार पडत राहिली. एक तारेचं वाद्य विव्हळायला लागलं.

"अगं, ओततेस काय," बाबा म्हणाले.

मोठ्याने नाही. मागच्या खोलीतून काउंटरवरच्या माणसाला सांगावं, तेवढ्या आवाजात. काका खो खो हसले, आत्या 'शू' म्हणाली. रांगेच्या दुसऱ्या टोकाला बसलेल्या बारकीला वाटलं, चला, आमच्यात एक तरी समीक्षक आहे.

मग दिवे लागले.

दिग्दर्शकाने त्यांना शेजारच्या खोलीत बसवलं. काचेचं टेबल, भिंतीवर दुसऱ्या सिनेमांची पोस्टर्स, सगळ्या पोस्टरांवर कुणी ना कुणी पाठमोरं. खुर्च्या इतक्या बुटक्या की काकांचे गुडघे हनुवटीशी आले. कॉफी आली. मग दिग्दर्शक हळुवारपणे मुद्द्यावर आला. परवानगी देताना बारकीच्या आईने त्याला एकच अट घातली होती. सिनेमा पुरा झाला की तो आधी घरच्यांना दाखवायचा, आणि घरच्यांनी सगळ्यांत मिळून एक गोष्ट मागायची. एकच. ती करायची, आणि का ते विचारायचं नाही. हे सांगताना त्याला गहिवरून आलं होतं. कुठल्या तरी मुलाखतीत तो हे सांगणार, हे बारकीला स्पष्ट दिसलं. आज संध्याकाळी सिनेमा परदेशातल्या महोत्सवाला रवाना व्हायचा होता. तुम्ही बोलून घ्या, मी येतो, असं म्हणून तो उठला, आणि जाता जाता काकांच्या कानाशी वाकून काहीतरी बोलला.

दार लागल्याबरोबर बारकी म्हणाली, "आईचं नाव काढायला सांगायचं."

सुरुवातीला पडदाभर अक्षरांत तिचं नाव येत होतं, यांच्या कादंबरीवर आधारित म्हणून. ते काढा म्हणायचं. मग खुशाल भिंती दाखव, मोऱ्या दाखव, तुझा सिनेमा तुला लखलाभ. हे वाक्य तिने पहिल्या भिंतीच्या वेळीच तयार करून ठेवलं होतं, आणि नंतरच्या प्रत्येक भिंतीला ते पक्कं होत गेलं होतं. आई आता भांडायला नव्हती. तिच्या वतीने एवढं एकच भांडण शिल्लक होतं आणि ते आपल्याला जिंकता येईल, अशी बारकीची खात्री होती.

काका लगेच तिच्या बाजूला आले. त्यांना मिशा लावल्या होत्या, हे काही साधं नव्हतं.

आत्याने कॉफीचा कप खाली ठेवला. तिला सिनेमा आवडला होता आणि ती ते लपवत नव्हती. वहिनी हयात असताना तिच्या पुस्तकाला कुणी विचारलं नाही, ती म्हणाली, माळ्यावर गठ्ठे पडून होते. आता कुठे तिचं नाव एवढं मोठं होऊन आलं, तर तिचीच लेक ते पुसायला निघाली.

"ते पुस्तक नाहीच आहे ते, आत्या. आईने असलं एक तरी वाक्य लिहिलंय का? वाक्यच नाहीत त्यात."

"माझं गाणं आहे."

"ते तू म्हटलेलं नाहीस."

"मला ठाऊक आहे मी म्हटलेलं नाही. पण ती मी आहे," आत्या म्हणाली. हे तिने अगदी साधेपणाने सांगितलं.

तेवढ्यात काका खाकरले. ते खाकरले की बाजू बदलतात, हे घरात जुनं आहे; जमिनीच्या वाटणीच्या वेळीही ते असेच खाकरले होते. ते म्हणाले, नावाचं राहू द्या एक वेळ. दिग्दर्शक मघाशी त्यांना सांगून गेला होता, की तो भिंतीवरचा फोटो म्हणजे सगळ्या सिनेमाचा अंतरात्मा आहे. काकांनी तो शब्द खिशात घातल्यासारखा जपून ठेवला होता आणि आता तो काढून दाखवताना त्यांचे कान लाल झाले होते. तेव्हा मागायचंच असेल तर फोटो बदलून मागू. अंतरात्मा माझा आहे तर चेहराही माझाच हवा. पासपोर्टसाठी काढलेला आहे, चांगला आलाय.

"काका, तुम्ही त्यात मेलेले आहात."

"म्हणून काय झालं? ओळखू तरी आलो पाहिजे."

मग बराच वेळ नुसती खडाखडी झाली. आत्या म्हणाली, आपल्याला काहीच मागायचं नाही, फार तर गाणं जरा वाढवा म्हणू. काका म्हणाले, गाणं आहे तेच संपत नव्हतं. बारकी म्हणाली, तुम्हा दोघांना पडद्यावर स्वतःचं तोंड दिसलं की बस, आईचं काहीही होवो. हे म्हणताना तिचा आवाज चढला, आणि त्या चढलेल्या आवाजावर आत्याने नेमकं बोट ठेवलं.

"खरं सांगू, बारके? तू नाहीस ना त्यात, म्हणून चाललंय हे सगळं."

खोलीत पहिल्यांदाच सिनेमातल्यासारखं शांत झालं.

"मी तेव्हाही काही मागितलं नव्हतं," बारकी म्हणाली. "आताही स्वतःसाठी मागत नाहीये."

"नव्हतं मागितलंस म्हणूनच गेलीस. ज्यांनी मागितलं ते राहिले बघ."

बोलून गेल्यावर आत्याला स्वतःचंच बोलणं जड झालं. तिने पर्स उघडली, खोकल्याची एक गोळी काढून बारकीपुढे सरकवली. बारकीने ती घेतली नाही. लागलं होतं ते एवढ्यासाठी, की ते खोटं नव्हतं. पुस्तकात आईने तिला जशीच्या तशी लिहिली होती. उद्धट, हट्टी, नाकावर राग असलेली. आईने कुणाकडे एवढं नीट बघितलं असेल तर ते तिच्याकडे, याचा पुरावा तेवढाच होता. तो या माणसाने एकाकीपणाला अडचण होते म्हणून काढून टाकला होता, आणि वर आईचं नाव लावलं होतं.

"बाबा," ती म्हणाली, "तुम्ही सांगा काय ते."

बाबांचं लक्ष नव्हतं. त्यांच्या मांडीवर कामाचा ॲप्रन होता. आत्या त्यांना आणायला दुकानात गेली आणि उशीर होतोय म्हणून तिने त्यांना घासण्याच्या चाकावरून तसंच उठवलं होतं. ॲप्रन त्यांनी गाडीत बसल्यावर काढला. बारकी भिंगांच्या गोदामातून परस्पर आली होती. आता ते त्या ॲप्रनच्या घडीवर घडी घालत होते.

"मला जरा हात धुवायचेत," ते म्हणाले.

हात धुवायची जागा एका अरुंद बोळाच्या टोकाला होती आणि मध्ये दोन पायऱ्या होत्या. पहिल्या पायरीशी बाबा थांबले, पायाने चाचपून पाहू लागले. बारकीने त्यांचा दंड धरला आणि पहिल्यांदाच त्यांच्या तोंडाकडे नीट पाहिलं.

"बाबा, हा चष्मा कुठला?"

त्यांनी हात लावून पाहिला. "कामाचा आहे वाटतं. घाईत तसाच आलो."

काचेवरची बारीक चीर दिसावी म्हणून केलेला तो जवळचा जाड चष्मा होता. वीतभर अंतरापलीकडचं सगळं त्यातून विरघळून जातं. सबंध रस्त्याला चष्मे करून देणारा माणूस सिनेमाला चुकीचा चष्मा घालून आला होता, आणि अंधारात चौघांपैकी कुणाच्या ते लक्षातही आलं नव्हतं. बारकीला हसू यायला लागलं. सगळ्यांत शहाणा प्रेक्षक हाच, असं काहीतरी ती बोलणार होती.

"म्हणजे तुम्हाला काहीच दिसलं नाही?"

"दिसलं की. जरा पुसट." बाबांनी नळ सोडला. हात धुताना ते बोटांची एकेक पेरं धुतात, काचेची भुकटी राहू नये म्हणून. "उठते ती, दर वेळी अगदी तिच्यासारखी उठते, नाही? टेबलावर हात टेकून."

बारकीच्या जिभेवर होतं, की ती बाई आईच्या निम्मी आहे, बाबा. तिची मान बघितलीत का? ते तिथेच राहिलं.

"बराच वेळ चांगलं चाललं होतं," बाबा म्हणाले. "दिसायची इकडून तिकडे जाताना. बरी आहे म्हटलं. बोलत नव्हती, पण म्हटलं रागावली असेल. मग एकदम चहाच ओतला."

पाणी वाहत होतं. त्यांनी नळ बंद केला, तो नीट बंद झाला.

"तिने कधी ओतला नाही चहा," ते म्हणाले. "माझा गार व्हायचा. हातातली काच अर्धी टाकून उठता येत नाही. मग बडबडत यायची आणि स्वतःच प्यायची. ओतला नाही कधी."

बारकीला एकदम ती दुपार आठवली. दुसऱ्या कपाचं प्रकरण आई वाचत होती. बाबा वाचनाला कधीच बसत नसत. मी त्यात नाही, मग माझं काय काम, असं म्हणून मागच्या खोलीत घासायचं चाक चालू ठेवत. वाचनाच्या पाठीमागे त्या चाकाची घरघर असायचीच. त्या दिवशी ती मध्येच थांबली. चाकावर पाणी घालत असतील, असं बारकीला वाटलं होतं. आणि आई ते पान नेहमीपेक्षा मोठ्याने वाचत होती, बारकीला वाटलं होतं की चाकाचा आवाज आहे म्हणून. चाक थांबल्यावरही तिने आवाज कमी केला नव्हता.

मला घेऊच नको, असं तुम्ही का म्हणालात, हे विचारायला आता कुणाची आडकाठी नव्हती. तो नियम ठरवणारीच गेली होती. बारकीने खिशातून रुमाल काढून त्यांच्या हातात दिला.

"तू माग तुला मागायचं ते," हात पुसत बाबा म्हणाले. "नावाचं म्हणत होतीस ना. मला आपलं ते बघवलं नाही, एवढंच."

परत आले तेव्हा दिग्दर्शक येऊन बसला होता. आत्या आणि काका शाळेत बसावं तसे बसले होते. दिग्दर्शकाने हात जोडून विचारलं, की काय ठरलं. बारकीचं वाक्य तयार होतं. हिंदीतही तयार होतं. एकदा ते बोलून टाकलं की आई या सगळ्यातून मोकळी झाली असती. तिचं पुस्तक माळ्यावर, पण धड.

"ती दुसऱ्या कपातला चहा ओतते," बारकी म्हणाली, "ते काढा. ती टेबलापाशी बसलेली आहे, कप खुर्चीसमोर आहे, तिथेच थांबा. उठायलाही नको तिने."

दिग्दर्शकाने डोळे मिटले. मग उघडले. त्या एका धारेवर सगळा सिनेमा उभा आहे, तो म्हणाला. तीच तर रिक्तता. तेवढ्यासाठी त्यांनी दिवसभर चहा ओतला होता. दुसरं काहीही सांगा, हवं तर नावाबद्दल सांगा, फोटोबद्दल सांगा.

काकांनी मान वर केली.

"कारण नहीं पूछना," बारकी म्हणाली.

गप्प राहण्यात दिग्दर्शकाचा हातखंडा होताच, पण या वेळी त्याला खरोखर काही बोलता येत नव्हतं, आणि तेवढ्यापुरता तो बारकीला बरा वाटला.

"फिर चाय का क्या होता है?" शेवटी त्याने विचारलं. "लोग पूछेंगे."

"पिते ती," बाबा म्हणाले.

"ठंडी?"

"गारच. रोज."

दिग्दर्शकाने बाबांकडे पाहिलं, बहुधा पहिल्यांदाच. मग त्याने मान हलवली, ठीक आहे म्हणाला, शब्द दिलाय म्हणाला. आणि दारापर्यंत पोचेस्तोवर त्याच्या तोंडावर पुन्हा ते तेज चढलं होतं: कप तसाच राहतो, म्हणजे प्रश्न तसाच राहतो, हे तर आणखीच खोल आहे. बारकीने तिथे ऐकणं बंद केलं. आईचं नाव आता पडदाभर राहणार होतं, त्या भिंतीच्या अगदी आधी, आणि तिला ते आयुष्यभर बघावं लागणार होतं.

बाहेर ऊन उतरलं होतं. काका गाडीकडे जाताना पुटपुटत होते, की एवढीशीच मागणी करायची होती तर तो मिशीवाला कोण हे तरी विचारायचं. आत्याने पुन्हा पर्स उघडून खोकल्याची गोळी पुढे केली, आणि या वेळी बारकीने ती घेऊन तोंडात टाकली.

बाबा तिच्या दंडाला धरून चालत होते. रस्त्याच्या कडेपाशी ते थांबले.

"थिएटरात लागेल ना हा?"

"लागेल महिन्याभरात. कोण येणार बघायला, पण लागेल."

"आपण जाऊ," बाबा म्हणाले. "त्या वेळी आठवण कर, लांबचा चष्मा आणीन."

बारकी दिवसभर दुसरं काय करते? लोकांना खुर्चीत बसवते, एका डोळ्यावर झाकण धरते, एकामागून एक काचा बदलत विचारते, आता स्पष्ट दिसतंय? आता? तिने रस्ता दोन्हीकडे पाहून घेतला.

"नको, बाबा," ती म्हणाली. "हाच घालून या."